तिसरा सूर, थोडा वर

शुब्रा, कैरो
१० फेब्रुवारी १९६५

ओहान,

पाकिटावरचं अक्षर ओळखून पत्र तसंच सिरवार्तच्या हातात देऊ नकोस. मी जिवंत आहे, तुझी वहिनी इन्साफ जिवंत आहे, कोणी मेलेलं नाही आणि माझं काही अडलेलंही नाही. म्हणजे अडलंय, पण तेवढं नाही.

पत्ता तुझ्या मेहुणीकडून, सिरवार्तच्या बहिणीकडून मिळवला. अराक्सीने आधी कॉफी पाजली आणि मग खडसावलं. "तीन वर्षं झाली. कैरो ते मॉन्ट्रियल टपाल बंद होतं का?" मी म्हटलं, "माझा पत्ता त्याच्याकडे होता. मी काही घर बदललेलं नाही." ती म्हणाली, "तोही तिकडून असंच काहीतरी कळवतो. दोघं एका माळेचे मणी." मग तिने सांगितलं की तू तिथे एका दुकानात पियानो लावतोस. तोंडातली कॉफी मी कशीबशी गिळली. पियानो! ज्या वाद्याला तू दात असलेलं कपाट म्हणायचास, त्याचे दात तू आता सरळ करून देतोस.

हसून घेतलं. आता कामाचं.

एका नव्या सिनेमाचं संगीत माझ्याकडे आलंय. दिग्दर्शक रऊफ, रोमला शिकून आलाय, गळ्यात कायम रुमाल. गोष्ट आपल्याकडचीच आहे. एक धोबीण, तिची मुलगी, गच्चीवर लग्न. शेवटी आई गाते आणि सिनेमा संपतो. आईचं काम दौलत हानम करतेय. हो, तीच. रेडिओवाल्यांवर रुसून घरी बसली होती, तिला रऊफने बाहेर काढलं. आता कोणी विचारलं, "हानम, आईचं काम करताय म्हणे?" की ती म्हणते, "तरुण आईचं."

गाणं मी रास्तच्या सुरावटीत बांधलंय. लग्नाचं गाणं आणखी कशात बांधणार? आणि तिच्या प्रत्येक ओळीला उत्तर द्यायला मला अकॉर्डियन हवाय. म्हणून खाटेखालून तुझी पेटी काढली.

जाताना ती तू इन्साफच्या हातात दिलीस. मी स्टुडिओत होतो. स्टेशनवर निघालेला माणूस "येतो" म्हणतो, "सांभाळून राहा" म्हणतो. तू निरोप ठेवलास, "महरूसला सांग, सूर बरोबर आहे."

तर तो सूर. रास्तचा तिसरा. ना कोमल, ना शुद्ध, दोघांच्या मधल्या फटीत राहणारा. तुझ्या पियानोच्या एकाही पट्टीवर तो नाही आणि आमच्या गल्लीतल्या भाजीवाल्याच्या गळ्यात मात्र रोज सकाळी आहे. तू पेटीतल्या पोलादी पत्त्या घासून तो अकॉर्डियनमध्ये बसवलास. या गावात तुझ्याइतक्या सफाईने ते कोणाला जमलं नाही, हे मी तू असतानाही मान्य करायचो. पण बसवलास तो अलेप्पोच्या उंचीवर, तुझ्या आजोबांच्या गावच्या. आमचा कैरोचा थोडासा खाली असतो. थोडासा म्हणजे किती, यावर आपण माझ्या प्रत्येक सिनेमाच्या प्रत्येक गाण्याला भांडलो, आणि शेवटच्या संध्याकाळी मोहम्मद अली रस्त्यावरच्या कॉफीच्या दुकानात भांडलो ते सगळ्यांत मोठं.

आता हानम माझ्या उंचीवर गाते. कानूनच्या तारा आणि व्हायोलिनंही तिथेच. एकटी तुझी पेटी त्या सुरावर टाचा उंचावून उभी राहते. तेव्हा मला एवढंच विचारायचं आहे की त्या पत्तीला बुडाशी कानस लावून सूर उतरवून घेतला तर तुझी हरकत आहे का? घासलेलं पोलाद परत येत नाही, असं तूच सांगायचास, म्हणून विचारतो. नाहीतर पत्र लिहायचं काही कारण नव्हतं.

इन्साफ म्हणते, दुसरंही कारण आहे असं लिही. मी लिहिलेलं नाही. ती मागे उभी राहून वाचतेय. ईदची खजुराची बिस्किटं यंदा छान झाली होती आणि तुझ्या वाटणीची मी खाल्ली, एवढं तिच्या वतीने लिहितो.

महरूस

*

शुब्रा
२१ मार्च १९६५

ओहान,

तुझं उत्तर आलं नाही. टपालवाला आता मला पाहिलं की लांबूनच मान हलवतो. काल त्याला इन्साफने विचारलं, "कॅनडाची पत्रं उंटावरून येतात का हो?" तो म्हणाला, "बाई, लिहिलेली पत्रं येतात. न लिहिलेली मी कुठून आणू?" लोकांची जीभ बघ किती चालते.

पत्तीला मी हात लावलेला नाही. तुझं मौन म्हणजे होकार समजावा की नकार, हे मला कधीच कळलं नाही. ताल चुकला की तू गप्प बसायचास आणि बरोबर आला तरी गप्पच बसायचास.

इकडे गाणं शिकवायचं चाललंय. हानम दिवसाआड दुपारी घरी येते, चपला दाराशी काढून कोचावर पाय वर घेऊन बसते. मी ऊदवर एक ओळ वाजवतो आणि गातो. ती डोळे मिटून म्हणते, "परत." मी परत गातो. "परत." असं इतक्यांदा होतं की शेजारच्या घरातली सून आता माझ्याआधी ओळ सुरू करते. मग एका क्षणी हानम स्वतः तोंड उघडते आणि मी बांधलेली ओळ तिची होऊन बाहेर येते. मी लिहिलेलं बरंचसं असतं त्यात, पण मधे कुठेतरी ती अशी वळते की मला वाटतं, हे मला का सुचलं नाही? इतकी वर्षं या धंद्यात काढली तरी तो क्षण जुना झालेला नाही. या दुपारी मला फार आवडतात. इन्साफ मुळूखियाची पालेभाजी रांधते, लसणाच्या फोडणीचा वास बाहेर येतो, हानम गाणं अर्ध्यात सोडून स्वयंपाकघरात जाऊन डोकावते.

अडचण एकच आहे. रऊफ हातात घड्याळ घेऊन बसतो. म्हणतो, "उस्ताद, इथे आनंद पाऊण मिनिटाचा. इथे अश्रू, वीस सेकंद." मी त्याला म्हटलं, "बाळा, हानमने एका शब्दावर मुक्काम ठोकला तर तुझा सगळा सिनेमा त्यात संपेल." तो म्हणतो, "मग पेटी काढून टाका, वेळ वाचेल. नाहीतर नवा इलेक्ट्रिक ऑर्गन आलाय, तो घ्या." मी पेटी काढणार नाही म्हणालो. का, ते त्याला नीट सांगता आलं नाही.

वाजवायला गिर्गिस आहे. आठवतो ना, जाडा, प्रत्येक चुकीनंतर संतांची क्षमा मागणारा. तुझी पेटी छातीला लावली की घाबरतो. म्हणतो, "उस्ताद, ही मला मानत नाही. तो सूर आला की माझ्या छातीत कोणीतरी वाद घालतं."

मला ठाऊक आहे कोण घालतं. उत्तर दे. हो म्हण नाहीतर नाही म्हण, पण काहीतरी म्हण.

महरूस

*

शुब्रा
२७ एप्रिल १९६५

ओहान,

तुझं पार्सल आलं.

मला वाटलं होतं, पत्र असेल. हातात जड लागलं तेव्हा वाटलं, मोठं पत्र असेल. फोडलं तर मॉन्ट्रियलच्या वर्तमानपत्रात गुंडाळलेली कानस. तुझी बारीक कानस, जैतुनाच्या लाकडाच्या मुठीची, तुझ्या अंगठ्याने जिथे मूठ गुळगुळीत झालीय तीच. सोबत एक ओळ नाही, नाव नाही. वर्तमानपत्र उलटसुलट करून पाहिलं. कोण्या बाईचा हरवलेला कुत्रा, एवढंच त्यात होतं.

काल शम-अल-नसीमचा सण होता. दरवर्षीप्रमाणे नाईलच्या धरणाजवळच्या बागेत गेलो. खारवलेले मासे, हिरवा कांदा, रंगवलेली अंडी, सगळं शुब्रा तिथे गवतावर पसरलेलं. तू असायचास तेव्हा मासे तू निवडायचास, कारण तुझं नाक आमच्या सगळ्यांत लांब. यंदा गिर्गिसने निवडले आणि संध्याकाळपर्यंत तो संतांची क्षमा मागत होता.

मी कानस खिशात घालून नेली होती. मासे खाताना मधेच बाहेर काढली.

"म्हणजे हो म्हणाला ना?" मी विचारलं.

"कोण म्हणालं असं?" इन्साफ कांदा सोलत म्हणाली. "मी रागावून तुझ्यासमोर सुरी ठेवली आणि म्हटलं, घे, काप माझा गळा, तर तू कापशील का?"

हानम आमच्यासोबत होती. ती म्हणाली, "राग नाही तो. हत्यार धाडलंय त्याने. कारागीर आपलं हत्यार कोणाला देतो का? आता आपल्याला हे काम करायचंच नाही, असं तो सांगतोय. सुटला बिचारा."

हे मात्र मला लागलं. राग असता तर चाललं असतं. रागावलेल्या ओहानशी मला वागता येतं. पण तू हे कामच सोडून दिलं असशील, आता तुझ्या कानाला तो सूर लागतच नसेल, तुला तो वर आहे की खाली याचं काही उरलं नसेल, तर मग मी गेले दोन महिने कोणाला पत्रं लिहितोय?

गिर्गिसने पेटी आणली होती. जेवणं झाल्यावर त्याने वाजवायला घेतली आणि आसपासच्या पोरीबाळी कमरेला ओढण्या बांधून नाचायला लागल्या. ऊन छान होतं. तुझी पेटी उघड्यावर वाजते तेव्हा गोड लागते. तो तिसरा सूर येऊन जायचा आणि मी प्रत्येक वेळी मनात म्हणायचो, वर आहे. खोटं कशाला सांगू, दिवस चांगला गेला.

महरूस

*

शुब्रा
१६ मे १९६५

ओहान,

तू गप्पच आहेस, तेव्हा मीच सांगतो काय झालं ते.

मंगळवारी सकाळी जेवणाच्या टेबलावर चादर अंथरली आणि तुझी पेटी उघडली. खिळे काढले, भाता बाजूला केला, मेणात बसवलेल्या पत्त्यांची ती ओळ बाहेर काढली. मी ती आतून कधी पाहिली नव्हती. तू हात लावू द्यायचा नाहीस. तुझी ती पत्ती शोधावी लागली नाही. बाकीच्या काळपट पडल्यात, ती टोकाशी अजून चकाकते. तिथे तुझ्या कानशीच्या रेघा आहेत, अगदी बारीक, एका दिशेच्या. एकदाही तुझा हात मागे गेलेला नाही. मी इतक्या वर्षांत एक चालसुद्धा तशी खाडाखोड न करता बांधली नाही.

चष्मा लावला. कानस हातात घेतली. बुडाशी दोन हलके हात मारले की काम झालं असतं, मोहम्मद अली रस्त्यावरच्या वाद्यवाल्यांकडे जायचीही गरज नव्हती.

इन्साफ मसूर निवडत समोर बसली होती. ती माझ्याकडे न बघता म्हणाली, "उतरव की. थांबलास का?"

"उतरवतोय."

"उतरव. सूर तुझ्या मनासारखा होईल. हानमशी जुळेल, कानूनशी जुळेल. छान होईल सगळं." मग तिने ताट खाली ठेवलं. "पण मग महरूस, तू भांडणार कोणाशी? तो गेला तेव्हापासून तू रोज सकाळी त्या पेटीशी भांडतोस. मला ऐकू येतं. तुला वाटतं, मी स्वयंपाकघरात आहे."

मी कानस खाली ठेवली.

ओहान, मला तुझी फार आठवण येते. पहिल्या पत्रात इन्साफ लिही म्हणत होती ते दुसरं कारण हे होतं. आता लिहून टाकलं. तुझ्या जागी बसून वाजवणारे पुष्कळ मिळतात, पण मी एखादी चाल ऐकवली की तोंड वाकडं करून "हं" म्हणणारा मिळत नाही. सगळे म्हणतात, "वा उस्ताद, वा उस्ताद." असं ऐकत राहिलं की माणूस मठ्ठ होतो.

पत्ती जशी होती तशी परत मेणात बसवली. चार खिळ्यांपैकी एक उरला, तो कुठला आहे कळत नाही, पण पेटी वाजते.

मग गाण्याचं काय करायचं? दोन दिवस ट्राममध्ये बसून शुब्रा ते अताबा आणि अताबा ते शुब्रा केलं. तुला माहीत आहे, माझ्या चाली ट्रामच्या लाकडी बाकावरच सुचतात. आणि मला कळलं की मी उगाच दोघांना एका उंचीवर उभं करायला बघत होतो. जुळतच नाहीत ना? मग भांडू दे त्यांना. हानमची ओळ आता तिसऱ्या सुरावर येऊन थांबते, आमच्या उंचीवर. लगेच पेटी तोच सूर तुझ्या उंचीवर देते, जणू म्हणते, "असा नाही, असा." हानम परत गाते, खाली. पेटी परत वर. आणि शेवटी दोघं खालच्या सा वर एकत्र येतात, कारण तिथे आपलं कधीच भांडण नव्हतं.

रऊफला ऐकवलं. मला वाटलं, घड्याळ काढेल. तो ऐकत राहिला आणि म्हणाला, "उस्ताद, हे दोघं भांडतायत का?"

"भांडतायत."

"मग हा पेटीवाला नुसता बँडवाला कसा? हा तिचा भाऊ पाहिजे. नवरीचा मामा! रुसून गेलेला. लग्नाला येतो, बोलत नाही, नुसतं वाजवतो." आणि तिथल्या तिथे त्याने सिनेमा बदलला. लेखकाला संध्याकाळी कळलं. तो दोन दिवस रुसून बसलाय.

महरूस

*

शुब्रा
२० जून १९६५

ओहान,

गाणं ध्वनिमुद्रित झालं. ते कसं झालं, ते ऐक.

स्टुडिओ तुला ठाऊक आहे. भिंतींना गाद्या ठोकलेल्या, काचेपलीकडे ध्वनिमुद्रणवाला साहेब, दारावर लाल दिवा. सकाळी हानम तिथे उभी राहिली, पहिली ओळ गायली आणि थांबली. परत गायली, थांबली. सूर सगळे जागेवर होते, पण गाणं मेलेलं. रऊफ घाबरला. "काय झालं, हानम?"

ती म्हणाली, "मी कोणासाठी गाऊ? त्या काचेसाठी? एक माणूस 'आह' म्हणत नाही इथे. मला कळणार कसं की मी पोचले?"

तिचं बरोबर होतं. ती ज्या काळातली आहे तिथे बाई ओळ गायची, खालून लोक ओरडायचे, मग ती तीच ओळ वेगळी गायची. अर्धं गाणं समोरच्यांनी केलेलं असायचं. मी गाडी पाठवून इन्साफला बोलावलं. ती एकटी थोडीच येणार? शेजारची सून आली, अराक्सी आली, खालचा इस्त्रीवाला दुकान बंद करून आला, त्याची आई आली. सगळ्यांना भिंतीलगत खुर्च्यांवर बसवलं आणि साहेबाने शपथ घातली की कोणी आवाज करायचा नाही. नुसते चेहरे दाखवायचे. इन्साफने तोंडावर ओढणी धरली.

हानम त्यांच्याकडे बघून गायला लागली, आणि ओहान, ती गायली. ती तिसऱ्या सुरावर येऊन थांबली, अशी थांबली की माझ्या हातातला ऊद मी विसरलो. मग गिर्गिसने तुझी पेटी उघडली आणि तुझा सूर आला. वर. ताठ. अगदी तुझ्यासारखा.

आणि भिंतीलगतची सगळी रांग एका आवाजात म्हणाली, "आऽऽह!"

शपथ गेली खड्ड्यात. शेजारच्या सुनेने लग्नात ओरडतात तशी जीभ फिरवून लांब किलकारी दिली. अराक्सी रडत होती. इस्त्रीवाल्याची आई ओरडली, "अगं ऐक त्याचं! ऐक भावाचं!" तिला कोणी गोष्ट सांगितली नव्हती. काचेपलीकडे साहेब दोन्ही हात हलवत होता, पण हानम थांबायला तयार नव्हती. ती तोच सूर परत गायली, अजून थोडा खाली, मुद्दाम. गिर्गिसने डोळे मिटले, संतांना बाजूला ठेवलं आणि उत्तर दिलं. हे किती वेळ चाललं देव जाणे. रऊफने घड्याळ खिशात घातलं होतं.

संपल्यावर साहेब बाहेर आला. "टेप वाया गेली. सगळा आरडाओरडा आत आलाय. या लोकांना बाहेर काढा."

रऊफ म्हणाला, "गच्चीवरचं लग्न आहे. लग्नात लोक ओरडणार नाहीत तर काय करतील? हेच ठेवायचं."

तर तसंच ठेवलं. इन्साफ गल्लीत सांगत फिरतेय की ती सिनेमात गायलीय.

महरूस

*

शुब्रा
१४ नोव्हेंबर १९६५

ओहान,

सिनेमा लागला. नाव 'गच्चीवरचं लग्न'. शुब्रातल्या थेटरात आम्ही सगळे शुक्रवारी गेलो. सूर्यफुलाच्या बिया फोडायचा आवाज एवढा होता की पहिला अर्धा तास माझं संगीत कोणाला ऐकू आलं नसेल. पण शेवटी हानम गच्चीवर उभी राहिली आणि बिया थांबल्या. गाणं संपलं. लोक उठून उभे राहिले. मला वाटलं, निघाले. तर मागे वळून वरच्या खिडकीकडे बघून ओरडायला लागले, "परत लाव! परत लाव!" चालवणाऱ्याने रीळ मागे फिरवलं, काय करतो बिचारा. आणि मजा बघ, दुसऱ्या वेळी थेटर दोन भागांत वाटलं गेलं. अर्धे हानमच्या सुरावर "आह" म्हणत होते, अर्धे पेटीच्या. माझ्या पुढच्या रांगेतले दोन म्हातारे बाहेर पडेपर्यंत हुज्जत घालत होते. मी त्यांच्या मागे मागे ट्रामच्या थांब्यापर्यंत गेलो, नुसतं ऐकत.

यासोबत रेकॉर्ड पाठवतोय. पाकीट सिरवार्तला सांभाळून फोडायला सांग. तुला मुळीच घाई करायला देऊ नकोस म्हणावं.

आणि कानस परत पाठवतोय. ती मी वापरलेली नाही. तुझी पत्ती जिथे होती तिथेच आहे, वर. ती खाली आणायची असेल तर तू ये आणि तुझ्या हाताने घास. दुसऱ्या कोणाला मी ती घासू देणार नाही, आणि मीही घासणार नाही. हे काम तुझं आहे. तू सोडलं असशील, तर तसं लिही. तेवढं तरी लिही. माझं गाणं छान झालंय, लोक खूश आहेत, मी खूश आहे, इन्साफ तर जमिनीवर चालत नाही. फक्त तू ऐकून "हं" म्हणत नाहीस, तोवर ते मला संपल्यासारखं वाटत नाही.

महरूस

*

मॉन्ट्रियल
८ जानेवारी १९६६

महरूस,

रेकॉर्ड मिळाली. कानस मिळाली.

हं.

पेटी बरोबर आहे. हानम खाली गातात. त्यांना माझा आदर सांग आणि हेही सांग. दुसऱ्या फेरीत तर त्या फारच खाली गेल्या, मुद्दाम गेल्या असं तू लिहितोस, म्हणजे त्यांनाही कळतंय की सूर वर असतो. गिर्गिस भाता घाईने ओढतो. तुझा उरलेला खिळा डाव्या बाजूचा आहे, खालचा. तो नसला की हवा गळते. तिसऱ्या ओळीनंतर ऐकू येते.

कानस रागाने पाठवली होती. ती पाठवल्यावर दोन दिवस जेवलो नाही, असं सिरवार्त म्हणते. ती काहीही म्हणते.

रेकॉर्ड ती सारखी लावते. मी बंद करतो, ती परत लावते. गेल्या आठवड्यात एका बाईंच्या घरी पियानो लावायला गेलो होतो. त्या वाजवून म्हणाल्या, "हा एक सूर बेसूर राहिलाय." मी वाकून ऐकलं. तिसरा. माझा हात तिथे थोडा सैल राहिला होता. मी म्हटलं, "बाई, हा बेसूर नाही, हा अलेप्पो आहे." दुकानाचा मालक अजून माझ्याशी बोलत नाही.

पेटी खाटेखाली ठेवू नकोस. ओल लागते.

आम्ही ईस्टरला येतोय. पत्ती बघतो.

ओहान

*

शुब्रा
२५ जानेवारी १९६६

ओहान,

तुझं पत्र ईदच्या दुसऱ्या दिवशी आलं. टपालवाल्याने ते लांबूनच हवेत हलवत आणलं आणि त्याला बिस्किटं दिल्याशिवाय हातात दिलं नाही.

मी ते उभ्या उभ्या वाचलं आणि हसायला लागलो. इन्साफ बाहेर आली. "काय लिहिलंय?"

"शिव्या," मी म्हटलं. "हानमला, गिर्गिसला, मला. एक खिळाही चुकलाय."

"मग हसतोस काय?" ती म्हणाली आणि पत्र हिसकावून घेऊन स्वतःच रडत वाचायला लागली. मग तिने ते गल्लीत नेऊन सगळ्यांना वाचून दाखवलं. हानमला निरोप पोचवला. ती म्हणाली, "येऊ दे त्याला. समोर बसवून गाते आणि दाखवते कुठे असतो सूर." शेजारची सून तुझ्या बाजूने आहे, इस्त्रीवाला माझ्या. त्याची आई म्हणते, तुम्ही दोघंही बहिरे आहात.

पेटी खाटेखालून काढून कपाटावर ठेवली. डाव्या बाजूचा खिळा बसवला. हवा गळत होती, हे खरं आहे. हे मी एकदाच मान्य करतो, भेटल्यावर तो विषय काढू नकोस.

ईस्टरनंतर लगेच शम-अल-नसीम येतो. मासे तू निवडायचेस. त्या दिवशी गवतावर बसून मी तुला पहिल्यापासून समजावून सांगणार आहे की तो सूर थोडा खाली का असतो, आणि तू तोंड वाकडं करून ऐकणार आहेस.

येताना कानस आणू नकोस.

महरूस